तीस खेळांच्या डबीत एकतिसावा खेळ

तळहातावर मावणारा जुन्या धाटणीचा व्हिडिओ गेम कन्सोल ठरावीक खेळ घेऊनच कारखान्याबाहेर पडतो. त्यात आणखी खेळ भरता येतात का, ते कसे भरतात आणि भारतीय कायदा याविषयी काय सांगतो, याचा हा आढावा.

रायपूरची चौबे कॉलोनी छत्तीसगडमधील मराठी भाषकांच्या चांगल्या परिचयाची आहे. १९३५ साली स्थापन झालेल्या महाराष्ट्र मंडळाची वास्तू याच वस्तीत आहे. या वस्तीतील एखादे घर केवळ उदाहरणादाखल डोळ्यांसमोर आणू या. दिवाळीसाठी अमेरिकेहून मामा आला आहे. काही वर्षांपूर्वी विकत घेतलेला निन्टेंडो कंपनीचा 'एनईएस क्लासिक' हा छोटा कन्सोल त्याने भाचीला आणून दिला आहे. त्याच पिशवीत एक करड्या रंगाची जुनी कॅसेटही आहे. १९९० साली, विद्यार्थिदशेत, मामाने घेतलेल्या 'ड्रॅगन वॉरियर' या खेळाची ही कॅसेट. तीत तीन नोंदी साठवलेल्या आहेत. एक मामाची आणि दोन त्या वेळी त्याच्याबरोबर एकाच खोलीत राहणाऱ्या मित्रांच्या. छोट्या कन्सोलमध्ये तीस खेळ आहेत, पण 'ड्रॅगन वॉरियर' त्यांत नाही. कॅसेट लावण्यासाठी कन्सोलला खाचही नाही. मामाचा खेळ यात घालता येईल का, असा प्रश्न भाचीला पडतो.

प्रश्न साधा आहे. त्याचे उत्तर मात्र तंत्रज्ञान, कायदा आणि काळाबरोबर नष्ट होत चाललेली एक छोटी बॅटरी, अशा तिन्ही अंगांनी द्यावे लागते.

डबीच्या आत काय असते?

निन्टेंडोने आपला 'फॅमिली कॉम्प्युटर' अर्थात 'फॅमिकॉम' हा कन्सोल जपानमध्ये जुलै १९८३ मध्ये बाजारात आणला. त्याचीच वेगळ्या रूपातील आवृत्ती १९८५ पासून अमेरिकेत 'एनईएस' या नावाने विकली गेली. 'एनईएस क्लासिक' ही त्या यंत्राची लहान प्रतिकृती नोव्हेंबर २०१६ मध्ये आली. तिची अमेरिकेतील किंमत साठ डॉलरच्या जवळपास होती.

बाहेरून जुने दिसणारे हे यंत्र आतून अगदी निराळे आहे. मूळ यंत्रातील आठ बिटांचा प्रोसेसर यात नाही. त्याऐवजी स्वस्त टॅब्लेटमध्ये वापरतात त्या जातीची चार गाभ्यांची चिप, २५६ मेगाबाइट कार्यस्मृती आणि ५१२ मेगाबाइट साठवणस्मृती आहे. त्यावर लिनक्स ही मुक्त संगणकप्रणाली चालते. लिनक्सच्या परवान्याला अनुसरून निन्टेंडोने यंत्रातील मुक्त आज्ञावलींचा स्रोत खुलाही केला होता. जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणारी एक आज्ञावली, म्हणजे इम्युलेटर, या लिनक्सवर काम करते. प्रत्येक खेळ ही त्या इम्युलेटरला दिलेली एक फाइल असते.

याचा अर्थ असा की, हा कन्सोल खेळण्याच्या रूपातील एक लहानसा संगणक आहे. फाइल वाचणाऱ्या यंत्राला आणखी एक फाइल वाचायला देणे तत्त्वतः अवघड नसते.

मर्यादा जागेची की परवान्याची?

तीसच खेळ का, याचे कारण जागा हे नक्कीच नाही. 'सुपर मारिओ ब्रदर्स' हा १९८५ चा जगप्रसिद्ध खेळ अवघ्या ४० किलोबाइटचा आहे. 'ड्रॅगन वॉरियर' ८० किलोबाइटचा. आज मोबाइलवर काढलेल्या एका छायाचित्राला याच्या कितीतरी पट जागा लागते. ८० किलोबाइटचे हजार खेळ धरले, तरी ते ८० मेगाबाइटच्या आसपास जातात.

खरी मर्यादा परवान्यांची आहे. प्रत्येक खेळाचे हक्क कोणत्या ना कोणत्या कंपनीकडे असतात. यंत्र विकणाऱ्या कंपनीला त्यांतील प्रत्येकाशी करार करावा लागतो. याचा उत्तम दाखला जपानमध्ये मिळतो. जुलै २०१८ मध्ये तेथे एका कॉमिक्स साप्ताहिकाच्या पन्नासाव्या वर्षानिमित्त याच छोट्या फॅमिकॉमची विशेष आवृत्ती निघाली. तीत वीस खेळ होते आणि त्यांत 'ड्रॅगन क्वेस्ट', म्हणजे 'ड्रॅगन वॉरियर'चेच मूळ जपानी रूप, समाविष्ट होते. यंत्र त्याच घराण्यातले, खेळांची यादी मात्र वेगळी.

सर्वच उत्पादकांनी यादी बंद ठेवली असे नाही. २०१८ मध्ये आलेल्या 'सी६४ मिनी' या यंत्रात ६४ खेळ होते आणि पेन ड्राइव्हवरून आपले खेळ चालवण्याची सोय उत्पादकानेच दिली होती. २०२२ च्या 'ए५०० मिनी'तही तशीच सोय आहे. निन्टेंडोच्या यंत्रात असे अधिकृत दार नाही. ते इंटरनेटलाही जोडले जात नाही.

खेळ भरण्याची रीत

अधिकृत दार नसले, तरी वाट लवकरच सापडली. 'क्लस्टरएम' या टोपणनावाने काम करणाऱ्या एका रशियन प्रोग्रॅमरने जानेवारी २०१७ मध्ये 'हाकची' ही आज्ञावली प्रसिद्ध केली. यंत्र बाजारात येऊन तेव्हा जेमतेम दोन महिने झाले होते. पुढे इतरांनी तिच्या सुधारित आवृत्त्या काढल्या. सप्टेंबर २०१७ च्या 'सुपर एनईएस क्लासिक'साठीही त्या उपयोगी पडल्या.

कामाची पद्धत थोडक्यात अशी. या यंत्रातील चिपमध्ये कारखान्यातील दुरुस्तीसाठी ठेवलेली एक अवस्था असते. 'रीसेट'चे बटण दाबून धरून यंत्र सुरू केले की ती जागी होते. मग यूएसबी तारेने जोडलेला संगणक यंत्राच्या स्मृतीशी थेट बोलू शकतो. ही अवस्था चिपच्या अशा भागात कोरलेली असते, जो पुसला जात नाही. म्हणूनच साठवणीतील आज्ञावली बिघडली, तरी यंत्र सहसा पुन्हा उभे करता येते.

'सहसा' हा शब्द मात्र विसरू नये. पुढील चार गोष्टींची काळजी घेणे आवश्यक आहे.

पहिली, कोणताही बदल करण्यापूर्वी यंत्रातील मूळ आज्ञावलीची प्रत संगणकावर उतरवून घ्यावी आणि ती आणखी एका ठिकाणी जपून ठेवावी. ही प्रत नसेल, तर यंत्र पूर्ववत करणे कठीण होते.

दुसरी, तार माहिती वाहून नेणारी असावी. मोबाइलसोबत मिळणाऱ्या काही तारा फक्त चार्जिंगच्या असतात. त्या जोडल्यास संगणकाला यंत्र दिसतच नाही आणि दोष उगाच यंत्राला दिला जातो.

तिसरी, काम चालू असताना वीज जाणार नाही याची व्यवस्था असावी. लॅपटॉप असल्यास उत्तम. अमेरिकेतून आणलेल्या संचासोबत अॅडॅप्टर असेल, तर त्यावरील आकडे वाचावेत. तो केवळ १२० व्होल्टचा असल्यास आपल्याकडील २३० व्होल्टच्या सॉकेटमध्ये लावू नये. पाच व्होल्टचा आणि किमान एक अँपिअरचा चांगला मोबाइल चार्जर या यंत्राला पुरतो.

चौथी, हाव आवरावी. शेकडो खेळ एकाच यादीत भरले की मेनू अडखळू लागतो. शिवाय प्रत्येक खेळ यंत्रातील मूळ इम्युलेटरवर चालेलच असे नाही. जुन्या कॅसेटींमध्ये मुख्य चिपखेरीज स्मृतीचे भाग बदलून देणाऱ्या सहायक चिपाही असत आणि त्यांचे अनेक प्रकार होते. त्यांपैकी सर्वच प्रकार निन्टेंडोच्या इम्युलेटरला ओळखता येत नाहीत. अशा खेळांसाठी दुसरा इम्युलेटर बसवावा लागतो.

इतर कंपन्यांच्या यंत्रांत रीत थोडी वेगळी असते. सोनीचे 'प्लेस्टेशन क्लासिक' डिसेंबर २०१८ मध्ये वीस खेळांसह आले. त्यातील आज्ञावलीच्या सुरक्षेसाठी वापरलेली किल्ली यंत्रातच राहून गेल्याचे अभ्यासकांच्या लक्षात आले आणि पेन ड्राइव्हच्या मार्गाने खेळ भरणे शक्य झाले.

आधी नोंद, मग बॅटरी

आता मामाच्या कॅसेटकडे वळू. कॅसेटमध्ये दोन वेगवेगळ्या गोष्टी असतात. खेळ स्वतः कायमस्वरूपी चिपमध्ये कोरलेला असतो. नीट ठेवल्यास ती चिप अनेक दशके टिकते. खेळाडूची प्रगती मात्र आठ किलोबाइटच्या दुसऱ्या एका चिपमध्ये राहते. वीज असेपर्यंतच या चिपला आठवण असते. कन्सोल बंद असताना ही वीज पुरवण्याचे काम कॅसेटमधील नाण्याएवढी बॅटरी करते.

जपानमध्ये १९८६ साली निघालेल्या 'ड्रॅगन क्वेस्ट'मध्ये बॅटरी नव्हती. खेळाडूला एक लांबलचक परवलीचा मजकूर लिहून ठेवावा लागे. १९८९ च्या अमेरिकी आवृत्तीत बॅटरी आणि तीन नोंदींची सोय आली. त्या खेळाचे आणखी एक वैशिष्ट्य आहे. नायकाचे नाव खेळाडू स्वतः ठेवतो आणि त्या नावातील अक्षरांवरून नायकाची शक्ती कशी वाढणार हे ठरते. त्यामुळे तीन मित्रांच्या तीन नोंदी केवळ नावानेच नव्हे, तर गुणांनीही वेगळ्या असू शकतात.

बॅटरी मृत झाली की या नोंदी जातात. खेळ राहतो, खेळणारे पुसले जातात. तीस-पस्तीस वर्षांच्या कॅसेटमधील बॅटरी अजून चालू असली, तरी ती अखेरच्या टप्प्यात आहे असेच धरून चालावे. येथे अनेक जण एक चूक करतात. काळजीपोटी ते सर्वप्रथम बॅटरी बदलायला घेतात. जुनी बॅटरी काढताच चिपची वीज तुटते आणि ज्या नोंदी वाचवायच्या होत्या त्याच नाहीशा होतात.

म्हणून क्रम महत्त्वाचा आहे. आधी कॅसेट वाचणारे उपकरण मिळवावे. खाचेत कॅसेट बसवून यूएसबीने संगणकाला जोडायची अशी ही उपकरणे असतात. त्यांपैकी काहींचे आराखडे मुक्तपणे उपलब्ध आहेत आणि इलेक्ट्रॉनिक्सची आवड असलेले विद्यार्थी ती घरीही तयार करतात. या उपकरणाने खेळ आणि नोंद अशा दोन वेगळ्या फाइली उतरवाव्यात. त्या उघडून, तिन्ही नावे दिसतात का ते पाहावे. त्यानंतरच बॅटरीला हात लावावा. ती पत्र्याच्या पट्टीने जोडलेली असल्याने बदलण्यासाठी डाग द्यावा लागतो. हे काम जाणकाराकडूनच करून घेणे इष्ट.

कॅसेटला फुंकर मारण्याची सवयही सोडलेली बरी. श्वासातील ओलाव्याने धातूच्या पट्ट्या गंजतात. कापसाच्या काडीला थोडे आयसोप्रोपिल अल्कोहोल लावून पट्ट्या पुसणे आणि त्या पूर्ण वाळू देणे हा योग्य उपाय होय.

आपल्याकडची अडचण

मामाची कॅसेट अस्सल आहे. भारतातील बहुतेक घरांची गोष्ट तशी नाही. १९९० च्या दशकात आपल्याकडे 'टीव्ही व्हिडिओ गेम' या नावाने जी यंत्रे घरोघरी आली, त्यांत फॅमिकॉमच्या नकला मोठ्या संख्येने होत्या. 'मीडिया' कंपनीचा 'लिटल मास्टर' त्या काळातील मुलांना आठवत असेल. अमेरिकी एनईएसमध्ये अनधिकृत कॅसेट ओळखून अडवणारी चिप होती. जपानी फॅमिकॉममध्ये ती नव्हती. त्यामुळे फॅमिकॉमची नक्कल करणे सोपे गेले. संपूर्ण यंत्र एकाच चिपमध्ये बसवून त्यावर काळ्या लेपाचा थेंब टाकला जाई.

कॅसेटींचेही तेच. '९९९९९९९ इन १' असे लिहिलेली कॅसेट लावली, की लांबलचक यादी दिसे. प्रत्यक्षात मोजकेच खेळ वेगवेगळ्या नावांनी किंवा वेगवेगळ्या पातळ्यांपासून पुन्हा पुन्हा येत. आजही स्वस्तात मिळणाऱ्या '६२० इन १' प्रकारच्या छोट्या कन्सोलमध्ये हाच प्रकार दिसतो. 'एनईएस क्लासिक'सारखे दिसणारे हे यंत्र आतून त्या जुन्या नकलांचेच वंशज असते. त्यातील खेळ चिपमध्ये पक्के कोरलेले असतात. हाकचीसारखी आज्ञावली त्यावर चालत नाही आणि नवीन खेळही भरता येत नाही. खरेदीपूर्वी हा फरक लक्षात घ्यावा.

या इतिहासाचा एक परिणाम कायद्याच्या प्रश्नावर होतो. 'माझ्याकडे कॅसेट होती, म्हणून मी प्रत वापरतो' असे म्हणणाऱ्या अनेकांची कॅसेटच मुळात परवाना नसलेली प्रत होती.

कायदा काय सांगतो?

भारतीय स्वामित्वहक्क कायदा १९५७ चा आहे. त्यात संगणकीय आज्ञावली ही 'साहित्यकृती' मानली जाते. व्हिडिओ गेम हा अशाच आज्ञावलीवर चालतो. १९८५ किंवा १९८९ चा खेळ जुना वाटला, तरी त्याचे हक्क अजून संपलेले नाहीत.

कलम ५२ मध्ये काही अपवाद दिले आहेत. आज्ञावलीची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्या व्यक्तीला ती गहाळ किंवा खराब होण्यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करता येते. तसेच स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून वैयक्तिक व बिगर-व्यापारी वापरासाठी प्रत करण्याचीही तरतूद आहे. मात्र याच कलमात इतर कृतींच्या खासगी वापरासाठी जी सर्वसाधारण सवलत आहे, तिच्यातून संगणकीय आज्ञावली स्पष्टपणे वगळली आहे. म्हणजे 'मी घरीच खेळतो' एवढे सांगून भागत नाही. प्रत कोठून आली, हा मुद्दा कळीचा ठरतो.

मामाने पैसे देऊन घेतलेल्या कॅसेटवरून स्वतःसाठी उतरवलेली प्रत या अपवादांच्या जवळ बसते. इंटरनेटवरून उतरवलेली हजार खेळांची जुडी बसत नाही. आज्ञावलीची बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणाऱ्यास कलम ६३ब अन्वये सात दिवस ते तीन वर्षे कारावास आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. वापर व्यापारी लाभासाठी नसल्यास न्यायालय कारणे नोंदवून कारावास टाळू शकते व ५० हजारांपर्यंत दंड करू शकते. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५अ हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक कुलूप तोडण्याला गुन्हा ठरवते. विशिष्ट प्रकरणात या तरतुदींचा अर्थ लावणे हे अर्थातच न्यायालयाचे काम आहे.

हक्कधारक कंपन्या स्वस्थ बसत नाहीत, हेही दिसून आले आहे. जुन्या खेळांच्या प्रती वाटणाऱ्या एका संकेतस्थळाच्या चालकांवर निन्टेंडोने २०१८ मध्ये अमेरिकेत दावा लावला. त्याच वर्षी एक कोटी वीस लाख डॉलरच्या तडजोडीने तो मिटला.

दुसरी बाजूही नोंदवणे आवश्यक आहे. अमेरिकेतील 'व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशन'ने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीनुसार, त्या देशात प्रसिद्ध झालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आता बाजारात विकत मिळत नाहीत. हक्क जिवंत आहेत, पण विक्रेता नाही, अशी ही स्थिती आहे. क्वचित कंपन्या स्वतःच एखादा खेळ वाचवतात. नव्वदच्या दशकाच्या मध्यात तयार होऊनही अप्रकाशित राहिलेला 'स्टार फॉक्स २' हा खेळ निन्टेंडोने २०१७ मध्ये 'सुपर एनईएस क्लासिक'मध्ये घालून प्रथमच लोकांसमोर आणला. बाकीच्यांचे जतन बव्हंशी हौशी लोकांच्या हाती राहिले आहे.

निर्धास्त मार्ग

जुनी कॅसेट नसलेल्यांसाठीही काही वाटा मोकळ्या आहेत. जुन्या यंत्रांसाठी आजही नवे खेळ लिहिले जातात. 'नोव्हा द स्क्विरल' हा एनईएससाठीचा खेळ त्याच्या कर्त्याने मुक्त परवान्याखाली विनामूल्य दिला आहे. २०१९ मध्ये आलेला 'मायक्रो मेजेस' हा चार जणांनी एकत्र खेळायचा खेळ विकत घेता येतो. त्याच्या कर्त्यांनी तो मुद्दाम ४० किलोबाइटमध्ये, म्हणजे 'सुपर मारिओ'च्याच मापात बसवला. असे खेळ छोट्या कन्सोलमध्ये भरताना कोणाच्या हक्काला धक्का लागत नाही. यंत्रात बदल करण्याची इच्छा नसेल, तर परवानाप्राप्त कॅसेटींवर चालणारा 'एव्हरकेड' किंवा जुन्या अटारी कॅसेट स्वीकारणारा २०२३ चा 'अटारी २६००+' असे पर्यायही आहेत.

चौबे कॉलोनीतील आपल्या काल्पनिक घरी उत्तर 'होय' असे आहे. यंत्राची मूळ प्रत आधी राखून ठेवायची, मामाच्या कॅसेटमधून खेळ आणि नोंद या दोन्ही फाइली उतरवायच्या, आणि मग एकतिसावा खेळ म्हणून 'ड्रॅगन वॉरियर' यादीत घालायचा. सोबत नोंदींची फाइलही ठेवायची. सारे नीट जमले, तर टीव्हीच्या पडद्यावर तीन नावे पुन्हा दिसतील. मात्र तीनही जागा भरलेल्या असल्याने भाचीला स्वतःचा खेळ सुरू करायचा झाल्यास त्यांतील एक नोंद पुसावी लागेल. त्यापूर्वी फाइलची आणखी एक प्रत करून ठेवावी. १९९० मध्ये ही सोय नव्हती, आज आहे.